काकूचा ‘नागर’

काल काकूचं तेरावं झालं. आज जुना शब्दकोश उघडला आणि पिवळ्या पानांच्या वासात ‘नागर’ सापडला. अर्थ: सुंदर. मूळ: नगरातला. जुना, अस्सल मराठी शब्द.

लग्नानंतरच्या आमच्या पहिल्या हळदीकुंकवाला काकू देपालपूरहून इंदूरला आली होती. कुंकू लावताना माझ्या बायकोला म्हणाली, “किती नागर दिसते गं सूनबाई!”

मी नुकताच मराठीत एम.ए. झालो होतो. दारातूनच म्हणालो, “काकू, ही मालवी बोलीची खिचडी नको. सुंदर म्हण, सुंदर!”

बायका खळखळून हसल्या. काकूचा कुंकवाचा हात तसाच राहिला. “सुंदर,” ती हळूच म्हणाली.

त्यानंतर ती सगळ्यांशी मराठी बोलायची. माझ्याशी मात्र शेवटपर्यंत हिंदीच: “कैसे हो, भैयाजी?”