मार खाणाऱ्या सुनेची कामं

सिनेमात मी जन्मभर सुनेचं काम केलं. मार खाणाऱ्या सुनेचं. सासूनं केस धरून ओढायचं, नवऱ्यानं मुस्काटात मारायची, आणि मी त्याचेच पाय धरून रडायचं. तेव्हा असलेच पिक्चर चालायचे. थेटरात बाया पदर तोंडाला लावून रडायच्या, म्हणून मला कामं मिळायची. शूटिंग अंधेरीला, नाहीतर मालाडला एका बंगल्यात.

पिक्चरमधली मुस्काटात लागत नाही. हात यायच्या आधी आपण मान फिरवायची. आवाज मागाहून भरतात.

आमची खोली साकीनाक्याला. नवरा तिथंच वर्कशॉपात कामाला. तो खरा मारायचा. सवयीनं माझी मान आधीच फिरायची, त्याचा हात हुकायचा, मग तो जास्तच पेटायचा. "माझ्यासमोर ॲक्टिंग करते काय गं?" म्हणायचा आणि पट्टा काढायचा.

मी ओरडायची, "वाचवा, नका हो मारू, पाया पडते तुमच्या." पत्र्यापलीकडे आमच्याच गावाकडची, कुडाळची काकी राहायची. सकाळी नळावर म्हणायची, "काल काय झकास रडलंस गो. कुठचो पिक्चर?" अख्ख्या चाळीला वाटायचं तालीम चाललीय. मी हंडा भरायची नि घरात यायची.

एका रविवारी दुपारी त्यानं आतून कडी घातली. माझं डोकं भिंतीवर आपटलं, कानातून रक्त आलं. मग स्टोव्हचं रॉकेल माझ्या अंगावर ओतलं आणि काडेपेटी घेतली. मी "वाचवा, वाचवा" ओरडले. पलीकडून काकीचा आवाज आला, "गप ऱ्हवा रे पोरांनो, तिची तालीम चालली हा."

ते ऐकलं आणि माझ्या तोंडातून गावची भाषा बाहेर पडली. "मेल्या, रांडेच्या, तुझो मुडदो बशवलो." आणखी येत होतं ते सगळं दिलं.

मग दार तुटलं आणि काकी वरवंटा घेऊन आत. पहिला घाव त्याच्या मनगटावर, काडेपेटी पडली. पुढचं चाळीतल्या बाप्यांनी केलं. पायरीवर त्याचे दात पडले होते.

माझ्या अंगावर पाणी ओतत काकी म्हणाली, "गाळी दिलंस तेवा माका कळला गो. सिनेमातली सून खंय गाळी देता?"

तो परत आला नाही. मी पुढच्या आठवड्यात अंधेरीला कामावर गेले. सीन होता, नवरा लाथ मारतो, सून पाय धरते. धरले. पोट भरायचं होतं ना. डायरेक्टरला एवढंच म्हटलं, ॲक्शन डाव्या बाजूनं बोला, उजवा कान गेलाय.