पाणी आधी हलले होते

हे मी आजवर कोणापुढेही उच्चारलेले नाही. पत्नी होती तोवर तिच्यापुढे नाही, आणि रोज संध्येत पापक्षालनाचा संकल्प सोडताना मनातल्या मनातही नाही. देवाला ते ठाऊकच आहे, असे म्हणून मी पुढचा मंत्र म्हणत असे. तुम्हाला सांगतो आहे. का, ते मला नीट सांगता येणार नाही.

आमचे गाव घाटंजीपासून दोन कोसांवर. गावाबाहेर महादेवाचे देऊळ आणि देवळापुढे बारव, म्हणजे पायऱ्यांनी थेट पाण्यापर्यंत उतरत जाणारी जुनी दगडी विहीर. चुना न वापरता दगडावर दगड बसवून बांधलेली. पूजेचा मान आमच्या घराण्याकडे. चार पिढ्या याच पाण्याने अभिषेक झाला. त्याच पाण्याने गावात नारू होई; माणसाच्या पायातून सुतासारखा लांब किडा बाहेर येई. सरकारी डॉक्टर म्हणाले, लोक पाण्यात पाय घालतात म्हणून हे होते, वरून पाणी शेंदायची विहीर खणा. त्यांचे म्हणणे खरे होते. पण मला — काय सांगू — माझ्या देवाच्या तीर्थाला कोणी रोगट म्हटले, एवढेच ऐकू आले.

आपला जिल्हा मुंबई राज्यात गेला, त्यानंतरच्या चैत्रात नवी विहीर सुरू झाली. बारवेपासून जेमतेम चाळीस पावलांवर. दहा हातांवर काळा पाषाण लागला आणि सुरुंग लावण्यासाठी नाल्यापलीकडच्या तांड्यावरून थावरा आला. पुसदकडे रस्त्याच्या कामावर तो हे काम शिकला होता. त्याची पत्नी झुमकी त्याच विहिरीवर फुटलेला दगड टोपल्यांनी वाहत असे.

थावराचा एक नियम होता. वात पेटवण्यापूर्वी तो तीनदा ओरडे, आणि सर्वांनी नाला ओलांडून उघड्या रानात जाऊन उभे राहायचे. खड्ड्यात, विहिरीत, दरडीच्या आडोशाला कोणी बसायचे नाही. लोकांना भय उडत्या दगडांचे. त्याला भय दुसऱ्याच गोष्टीचे.

देवळापुढच्या निंबाखाली तो मला म्हणाला, "महाराज, उडता दगड दिसते तरी. खालून येते थे दिसत नाही. आवाजाच्या पह्यले येते."

मी सहा वर्षे न्यायशास्त्र शिकलेला. चारचौघांत मी त्याला समजावले की शब्द हा आकाशाचा गुण. पाण्यात एका लाटेतून दुसरी लाट उठते तसा तो पसरतो आणि क्षीण होत जातो. पाषाण आडवा आला की थांबतो. शब्दाच्या आधी येणारे असे काय असणार? लोक हसले. थावराही हसला आणि हात जोडून म्हणाला, "मंग तुमच्या पोथीतला सुरुंग बिनावातीचा असन, महाराज!" आता लोक मला हसले.

दुसऱ्या दिवशी मी घरी माध्यान्हसंध्येला बसलो होतो. विहिरीपासून तीनशे पावले दूर. समोर पंचपात्रीत पाणी. आवाज झाला — नाही, थांबा, क्रमाने सांगतो, कारण क्रमातच सगळे आहे. आधी पाणी हलले. काठापासून मध्याकडे बारीक वलये धावली. पापणी लवण्याइतका वेळ गेला, आणि मग आवाज आला. तिसऱ्या दिवशी मी मुद्दाम पाहिले. चौथ्या दिवशीही पाहिले. थावराचे म्हणणे खरे होते. मी कोणाला सांगितले? कोणालाही नाही.

पाचव्या दिवशी मी देवळाच्या ओट्यावर होतो. थावराने तीनदा आरोळी दिली आणि वाती पेटवायला तो खाली उतरला. मजूर बाया नाल्याकडे निघाल्या. झुमकी मागे पडली होती; पायात दगडाची कपची घुसल्याने ती लंगडत होती. मी तिला हाक मारली. म्हणालो, "बाई, या पायाने उन्हात कुठवर जातेस? बारवेत उतर. चार पुरुष खोल दगड आहे, काही होत नाही."

ती तिसऱ्या पायरीवर थांबली. "माहा घरवाला म्हन्ते, बार उडाच्या टायमाले खोल जागी बसू नोको."

"तुझ्या घरवाल्याला शास्त्र कळते का?"

तिने माझ्याकडे पाहिले. घागऱ्याचा काठ उचलला. "तुम्ही म्हन्ता त बसतो, महाराज."

दयेने बोलावले का मी तिला? बरीच वर्षे मी स्वतःला तसेच सांगत आलो. पण दया असती, तर तिला हात धरून नाल्यापार नेण्याइतका वेळ होता. आम्हाला शिकवले आहे की अनुमानाला दृष्टांत लागतो. बार उडेल, झुमकी हसत वर येईल, गाव पाहील की बारव पक्की आहे आणि थावरा अडाणी आहे — मला असा दृष्टांत हवा होता. आणि अनुमान खोटे आहे, हे मला पंचपात्रीने तीनदा दाखवलेले होते. मी स्वतः कुठे बसलो, विचाराल? देवळाच्या मागे, उघड्या जमिनीवर.

बसल्या जागी खालून एक ठोसा बसला. मग आवाज. मग, आवाज विरल्यावर, बारवेच्या भिंतीतले दगड पाण्यात पडू लागले. एक, दोन, आणि नंतर मोजता येणार नाहीत इतके. मी काठापर्यंत धावलो. पायऱ्या उतरलो नाही. लोक आले, तेच उतरले.

पुढे काही वर्षांनी हायस्कुलातल्या विज्ञानाच्या मास्तरांना मी सहज विचारल्यासारखे करून विचारले. ते म्हणाले, स्फोटाचा धक्का पाषाणातून हवेपेक्षा कितीतरी वेगाने जातो. घट्ट दगडातून तो पुढच्या दगडाला दाबत जातो. पण जिथे दगड संपून मोकळी जागा लागते तिथे पुढे ढकलायला काही उरत नाही. मग तो उलटा फिरतो आणि शेवटचा दगडच भिंतीतून ओढून बाहेर टाकतो. जुने, चुन्याविना रचलेले बांधकाम असेल तर आधी तेच सुटते. त्यांनी पाटीवर चित्र काढून दाखवले. मी मान डोलवली. झुमकी पाठ टेकून बसली होती, ती नेमकी त्या शेवटच्या दगडाला.

घाटंजीहून जमादार आले. बारवेजवळ होतो तो मी एकटाच, म्हणून मला विचारले की ही बाई खाली कशी गेली? मी म्हणालो, डोळे मिटून जप चालला होता, मी पाहिले नाही. त्यांनी ते लिहिले आणि मी खाली सुवाच्य अक्षरात सही केली. सगळे नाल्यापार गेले की नाही हे न पाहता वात लावली, असा ठपका थावरावर आला. त्याला धरून नेले. सुटून आला तेव्हा सुरुंगाचे काम त्याला पुन्हा मिळाले नाही.

पण खरे पाप ते नव्हे. की तेही होतेच? सांगतो.

सुटून आल्यावर थावरा देवळापुढे आला. रागाने नव्हे. ओट्याखाली उकिडवा बसला आणि म्हणाला, "महाराज, रोज सांगत होतो तिले. रोज. तिनं माहं काहून आयकलं नसन?"

मी म्हणालो, दैव.

तो दर शिवरात्रीला येत राहिला. तांडा आर्णीकडे हलला, तरी येई. नारळ ठेवी, आणि तोच प्रश्न, तेच शब्द. एकदा म्हणाला, "माह्यावर भरोसाच नव्हता तिचा, आता तसंच वाटते." पाच वाक्ये बोलायला किती वेळ लागतो? मी त्याच्या हातावर तीर्थ घातले. नव्या विहिरीचे.

यंदा शिवरात्रीला तो आला नाही. त्याचा भाचा आला आणि मामा पौषात गेला म्हणाला. नारळ त्यानेच ठेवला. त्याने काही विचारले नाही.

बारव तेव्हाच बुजवली. गावात आता नारू नाही. नवे पाणी गोड आहे. रोज सकाळी मी तेच पंचपात्रीत घेतो आणि ते निश्चल होईपर्यंत पाहत बसतो.

तिने तुझे ऐकले होते, थावरा. तिसऱ्या पायरीवर उभी राहून तिने तुझेच शब्द मला म्हणून दाखवले होते. खाली तिला मी उतरवले.