दादाची निळी फौज

हे मी आजवर कुणाजवळ बोललेलो नाही. बायकोजवळ नाही, मित्रांत बसून दोन पेग झाल्यावरही नाही. तुला सांगतोय, कारण तू मला ओळखत नाहीस. ओळखत असतास तर नसतंच सांगितलं, आधीच सांगून ठेवतो.

ऐकायला गोष्ट क्षुल्लक वाटेल. कॉम्प्युटरवरच्या गेमची आहे. पन्नाशीच्या माणसाने गेमबद्दल काय कबूल करायचं? मीही स्वतःला बरेच दिवस हेच विचारत होतो. यात एवढं काय?

तर आधी गेम.

आम्ही दोघे भाऊ, भांडुपला वाढलो. वडील मिलमध्ये होते, मिल बंद पडल्यावर मिळेल ते करत राहिले. दादा माझ्याहून बराच मोठा. नोकरी लागल्यावर त्याने एक सेकंडहँड कॉम्प्युटर आणला, घरच्यांना सांगितलं ऑफिसच्या कामासाठी, आणि त्यात हा लढाईचा गेम होता. लाकूड तोडायचं, शेती करायची, गाव वसवायचं, भोवती तट बांधायचा, फौज उभी करायची आणि समोरच्याचं गाव जाळायचं. दादा निळा, मी लाल. मी घाईघाईने हल्ला करायचो आणि हरायचो. दादा कधीच आधी हल्ला करायचा नाही. तट बांधून, दरवाजा लावून आत बसून राहायचा. वडिलांसारखी मालवणी काढून म्हणायचा, "आधी दार लाव, मगे काय ता कर." हरलो की मी चिडायचो, तो हसायचा. आमच्यात जे काही प्रेम होतं ना, ते असंच होतं. बोलून दाखवणारी माणसं नव्हतो आम्ही.

पुढे लग्नं झाली. दादा मुलुंडला गेला, मी भांडुपलाच राहिलो. गेम नव्या नव्या रूपात येत राहिला, आम्ही सवड मिळेल तसे खेळत राहिलो. आणि मला एक खोड लागली. त्या गेममध्ये अशी सोय असते की सगळेच्या सगळे खेळाडू कॉम्प्युटर ठेवायचे. निळा पण कॉम्प्युटर, लाल पण कॉम्प्युटर. आपण फक्त बघायचं. गावं वाढतात, फौजा निघतात, एकेक राज्य पुसलं जातं, आणि आपल्याला बोटसुद्धा हलवावं लागत नाही. ऑफिसचं काम करताना मी बाजूला अशी लढाई लावून ठेवायचो. कुणी जिंको, कुणी मरो, आपलं काही जात नाही. का आवडायचं इतकं? ठाऊक नाही. दादाला ते पटायचं नाही. बघण्यात काय मजा, म्हणायचा.

मग दादाला अर्धांगवायूचा झटका आला. उजवा हात गेला, पाय गेला, आणि बोलणं विस्कटलं. डोकं शाबूत होतं, समजत सगळं होतं. पण शब्द अदलाबदल होऊन यायचे. पाणी हवं असलं की 'चावी' म्हणायचा. नाही म्हणायचं असलं की 'हो'. आणि कधी कधी आपण चुकीचं बोललो हे त्याचं त्यालाच कळायचं नाही. समोरच्याने चावी आणून दिली की कळायचं. ते कळलं की त्याचा चेहरा — जाऊ दे.

वहिनी घाटकोपरला एका लॅबमध्ये कामाला होत्या, ती नोकरी सोडणं शक्य नव्हतं. मुलगी ऋचा कॉलेजात. माझं काम घरून चालायचं. मी म्हटलं, दुपारचा मी येऊन बसत जाईन, लॅपटॉप काय, तिथेही चालेल. सगळ्यांना केवढं कौतुक. भाऊ असावा तर असा, वगैरे.

बोलणं शिकवायला एक मॅडम यायच्या. त्या म्हणाल्या, नुसते शब्द गिरवून उपयोग नाही, त्यांना बोलायला कारण द्या. मला लगेच गेम आठवला. दादाच्या कॉम्प्युटरवर लावला. तो खुर्चीत, मी बाजूला माउस धरून. तो सांगायचा, मी करायचो. "लाकूड." "तट." "इकडे." एकेक शब्द खोल विहिरीतून ओढून काढावा तसा यायचा. पण यायचा. आणि बोलून झालं की तो पडद्याकडे बघत राहायचा. माणसं लाकडं तोडायला लागली, म्हणजे आपण लाकूडच म्हणालो. तट उभा राहिला, म्हणजे तटच म्हणालो. स्वतःच्या जिभेवर त्याचा विश्वास उरला नव्हता, पडद्यावर होता. पडद्यावर म्हणजे कुणावर, ते तुझ्या लक्षात आलंच असेल.

महिन्या-दोन महिन्यांत फरक पडला. त्याने एकदा वहिनींना नावाने हाक मारली, त्यांनी स्वयंपाकघरात जाऊन डोळे पुसले. मॅडमनी माझी पाठ थोपटली.

आता इथून पुढे सांगायला मी वेळ लावतोय, कळतंय मला.

मला कंटाळा आला. बस, तेवढंच. ऑफिसचा ताण होता, साहेब डोक्यावर बसला होता, हे सगळं खरं. पण खरं कारण कंटाळा. एक शब्द यायला किती वेळ लागायचा, यार. तोवर त्याच्या ओठांच्या कोपऱ्यातून आलेली लाळ पुसायची आणि चेहरा उत्सुक ठेवायचा. एका दुपारी मीटिंग चालू होणार होती आणि दादा तयार होऊन खुर्चीत बसला होता. मी गेम लावला, आणि लावताना निळा खेळाडू कॉम्प्युटरच्या हवाली केला. लाल आधीपासून होताच. हातात माउस धरून म्हटलं, "हां दादा, बोल. काय करू?"

"लाकूड," तो म्हणाला. निळी माणसं लाकडं तोडतच होती. तो खूश झाला. "शेत," म्हणाला, थोड्या वेळाने शेतंही आली. असल्या गेममध्ये सगळे साधारण तेच करतात रे, आगेमागे. मी मधूनमधून माउस हलवायचो. एका कानात मीटिंग, मांडीवर लॅपटॉप. इतकं सोपं झालं की दुसऱ्या दिवशीही तेच केलं. मग रोज. निळी फौज जिंकली की दादा डावा हात टेबलावर आपटायचा. संध्याकाळी वहिनींना सांगायला बघायचा, "जिं... जिंकलो." आणि वहिनी माझ्याकडे बघून हसायच्या.

त्याला एकदाही संशय आला नाही. का येईल?

मग तो दिवस. दुपार होती. निळं गाव छान उभं राहिलं होतं, सगळीकडून तट, आत घोडदळ. बाहेर लाल फौज येऊन थांबली. दादाला आवडायचा तसाच डाव. तो पुढे वाकला आणि म्हणाला, "थांब."

स्पष्ट म्हणाला. झटका आल्यापासून इतका स्वच्छ शब्द मी त्याच्या तोंडून ऐकला नव्हता.

निळा दरवाजा उघडला आणि घोडदळ बाहेर पडलं. कॉम्प्युटरच तो, त्याला काय. दादा पुन्हा म्हणाला, "थांब." घोडदळ गेलंच. लाल फौजेने त्याला कापून काढलं आणि उघड्या दारातून आत शिरली.

दादा माझ्याकडे वळला. भीती म्हणजे काय ते मी त्याच्या डोळ्यांत बघितलं. त्याने विचारलं, "मी... काय... बोललो?"

इथे मी काय म्हणू शकलो असतो, याची किती तरी वाक्यं मी पुढे मनात जुळवून बघितली. 'थांबच म्हणालास, मी फसवत होतो तुला.' किंवा खोटंच बोलायचं होतं तर, 'थांबच म्हणालास, माझा हात चुकला.' तेवढंही पुरलं असतं. इतकं साधं खोटं समोर पडलेलं होतं, आणि मी तेही उचललं नाही.

मी म्हणालो, "जा म्हणालास, दादा."

मग त्याने डावा हात स्वतःच्या गळ्यावर ठेवला, डोळे मिटले, आणि अगदी सावकाश, जपून म्हणाला, "थांब." डोळे उघडून विचारलं, "आता?"

पहिल्या वेळी घाबरून तोंडातून गेलं असं म्हणता येईल. या वेळी मला विचार करायला वेळ होता. त्या सबंध वेळात दादा माझ्याकडे बघत होता.

"जा," मी म्हणालो.

गाव जळेपर्यंत दादाने बघितलं. मग मान खिडकीकडे वळवली. मी इअरफोनची दुसरी वायरही कानात घातली आणि मीटिंगमध्ये कुणीतरी काहीतरी विचारलं होतं, त्याचं उत्तर दिलं.

दुसऱ्या दिवशी मी गेम नीट लावला. निळा माणसाच्या हाती, माझ्या हाती. म्हटलं दादा, सांग, आज तू म्हणशील तसंच. तो पडद्याकडे बघत राहिला. ओठ हलले आणि मिटले. मी लाडीगोडी लावली, चिडवलं, मालवणीत बोललो. त्याने डाव्या हाताने कीबोर्ड हळूच बाजूला सारला.

त्यानंतर तो बोलला नाही. म्हणजे अजिबात नाही. आधी माना हलवायचा, मग 'हो'ची मान आणि 'नाही'ची मान यांचाही त्याला भरवसा वाटेना, मग तेही थांबलं. वाढलं तर जेवायचा, झोपवलं तर झोपायचा. मॅडम चक्रावून गेल्या. इतकी प्रगती असताना माणूस असा एकदम मागे जात नाही, म्हणाल्या. घरात काही घडलं का, असं त्यांनी मला एकट्याला बाजूला घेऊन विचारलं. मी नाही म्हणालो. मग डॉक्टरांनी मन खचल्याच्या गोळ्या सुरू केल्या.

आणि वहिनी. एका संध्याकाळी कुकर लावता लावता त्या मला म्हणाल्या, "भाऊजी, माझ्यामुळे झालं हे." त्या दिवसाच्या आदल्या संध्याकाळी त्या लॅबमधून दमून आल्या होत्या, दादा काहीतरी पुन्हा पुन्हा सांगायला बघत होता, समजेना, तेव्हा त्यांच्या तोंडून गेलं होतं, "जरा गप्प बसा ना हो." लगेच त्यांनी त्याच्या डोक्यावरून हात फिरवला होता. पण दुसऱ्या दिवसापासून तो गप्पच. त्यांनी आपल्या मनाशी हिशेब जुळवला होता, आणि हिशेब बरोबर वाटावा असाच होता.

मी म्हणालो, तसं काही नसेल हो. एवढंच म्हणालो.

दादा त्यानंतर वर्षभराहून थोडा जास्त जगला. शेवटी छातीत कफ साठत गेला. दुखत असणार, बरेच दिवस असणार. त्याने ना सांगितलं, ना खूण केली. ताप चढला तेव्हा हॉस्पिटलात नेलं. तिथल्या डॉक्टरने विचारलं, यांनी आधी सांगितलं कसं नाही? वहिनी म्हणाल्या, ते बोलत नाहीत. लवकर कळलं असतं तर वाचले असते, असं डॉक्टर म्हणाले नाहीत. ते मीही म्हणणार नाही. मला माहीत नाही. शेवटच्या दिवशी मी त्याच्या उशाशी होतो, तो शुद्धीवर होता, खोलीत तिसरं कुणी नव्हतं. सांगता आलं असतं. मी त्याची चादर सारखी केली.

ऋचाचं आता लग्न झालंय, बोरिवलीला असते. मागच्या महिन्यात एका रविवारी ती नवऱ्याशी भांडून आईकडे आली होती. मीही तिथे होतो, वहिनींनी पोहे केले होते. ऋचा तावातावाने सांगत होती, तो काय बोलला, मग ती काय बोलली, मग तिने त्याला कसं गप्प केलं. वहिनींनी ऐकून घेतलं. मग तिच्या जवळ बसून म्हणाल्या, "नवऱ्याला गप्प बस असं कधी म्हणू नकोस गं. मी म्हटलं होतं तुझ्या बाबांना. एकदाच. माझ्यावर रागावून ते जे गप्प झाले, ते शेवटपर्यंत."

ऋचाला हे पहिल्यांदाच कळत होतं. ती आईकडे बघत राहिली. तिच्या नजरेत काहीतरी बदलताना मला दिसलं. मग तिने माझ्याकडे बघितलं, काका, खरं का हे, अशा नजरेने.

माझ्या हातात बशी होती. मी घास गिळला.

"आईचं ऐक," मी म्हणालो.