पाटाच्या कडेची घोळ

टाळेबंदी लागली तेव्हा मी जालना एमआयडीसीत बियाणं निवडायच्या कामाला होते. कारखाना बंद झाला, टेम्पोही बंद झाले. माझ्या शेजारी बसून निवडणारी एक एकटी, वयस्क मावशी म्हणाली, "माझं गाव कुंभार पिंपळगावाकडं हाय. तुझं बी त्याच वाटंला. चल, पायी निघू."

निघाल्याच्या दुसऱ्या दिवशी दुपारी सोबतच्या दशम्या संपल्या. बाहेरच्यांना अडवायला गावागावांनी रस्त्यावर बाभळीच्या फांद्या टाकल्या होत्या, म्हणून आम्ही पाटाच्या कडेनं चालत होतो. ऊन पांढरं झालं होतं. झाडं, वाट, पुढं चाललेली मावशीची निळी साडी, सगळं पाण्यात पडल्यासारखं हलत होतं. मी झोपेतच चालतेय आणि पाय दुसऱ्याच कुणाचे आहेत, असं वाटे.

पाटाच्या ओलीवर हिरवं काहीतरी पसरलेलं दिसलं. मी बसून मूठभर ओरबाडलं, तोंडाशी नेलं, तोच मावशीनं मनगट धरलं.

"थांब! मोडून बघ आधी."

देठ मोडला. पांढरं दूध आलं.

"हे बिलकुल खायचं न्हाई." तिनं शेजारचाच एक जाडसर, तांबूस देठ मोडला. त्यातून नुसतं पाणी निघालं. "ही घोळ. दुष्काळात माझ्या आईनं दाखवल्ती. एकदा चुकले, तर दोन दिवस उलट्या करत पडल्ते."

तीन दगड मांडून तिनं डब्यात घोळ शिजवली, पदराच्या गाठीतलं मीठ टाकलं. आंबटसर, बुळबुळीत भाजी. मग उंबराखाली बसलो. पिकलं उंबर फोडून, आतले किडे फुंकून ती माझ्या हातावर ठेवत होती. मला रडू आलं.

"मावशी, पोचू का आपण?"

"खाल्लंस ना? मंग पोचू."

तिसऱ्या सकाळी माझं गाव आलं. बाहेरून आलेली म्हणून गावकऱ्यांनी मला चौदा दिवस शाळेत वेगळं ठेवलं. मावशीलाही थांबा म्हणाले, पण ती ऐकेना.

"वाट बघणारं कुणी न्हाई माझी. पण घर हाय," एवढं बोलून ती निघाली. खिडकीतून ती निळी साडी उन्हात विरेपर्यंत मी बघत राहिले.

पावसाळ्यानंतर कारखान्यात भेटली. "आता बरी दिसायलीस," म्हणाली. मी तिचा हात धरून उभी राहिले. यंत्रं धडधडत होती. मग आम्ही पुन्हा शेजारी बसून बियाणं निवडायला लागलो.