पुसलेलं पिवळं घर

भुताखेतांवर माझा कधीच विश्वास नव्हता. कसा असणार? माझं पोटच लोकांना नसलेलं दाखवण्यावर चालतं... सिनेमात स्पेशल इफेक्ट्स करतो मी, तीस वर्षं उलटून गेली. पडद्यावरचं भूत कसं बनतं ते मला पाठ आहे! तरी माझ्याच एका शॉटचं कोडं मला सुटलेलं नाही.

एक्याण्णवचा हिवाळा. पनवेलच्या खाडीकाठी, मिठागरांजवळ एका ऐतिहासिक सिनेमाचं शूटिंग होतं. तेव्हा आमच्याकडे कॉम्प्युटर कुठले! कॅमेऱ्यापुढे मोठी काच उभी करायची आणि नको असलेली गोष्ट काचेवरच रंगवून झाकायची. विजेचा खांब आला तर त्यावर आकाश — असं. इथे आड येत होतं एक भडक पिवळं घर.

घर बाळारामकाकांचं. मिठागरात राबून वाकलेला माणूस. मी रंग कालवत होतो तर शेजारी येऊन बसले.

"माजं घर पुसू नको रं. माज्या पोराची, गनाची, होडी मिलाली, तो नाय. दोन वरसं झाली. खाडीतनं त्याला लांबून दिसावं म्हनून तर पिवला मारलाय."

"काका, घर कुठे जातंय? नुसती काच आहे," मी हसून म्हटलं. आणि घरावर चिखल नि खारफुटी रंगवून मोकळा झालो.

चार दिवसांनी लॅबमधून रिळं आली. भरदुपारी पडद्यावर पाहिली. मी रंगवलेल्या चिखलात एक मुलगा उभा होता. पाठमोरा, गुडघाभर रुतलेला. पहिल्या टेकमध्ये डावीकडे, दुसऱ्यात मधोमध, तिसऱ्यात उजवीकडे... काहीतरी शोधत असल्यासारखा. त्या जाड रंगातून मागचं काही दिसणं शक्यच नव्हतं. काच तपासली — साधा ओरखडा नाही. डायरेक्टर म्हणाले, "कोण बघतंय एवढं? राहू दे."

मला राहवेना. फिल्मचा तुकडा घेऊन काकांकडे गेलो. त्यांनी तो उन्हाकडे धरला, बराच वेळ.

"गनाच हाय. पाठीवरनं वलखला." मग हळूच म्हणाले, "यात आमचं घर कुटं हाय?"

मी रंगवलेल्या चिखलावर बोट ठेवलं.

"मंग त्याला कसं दिसंल? मीच आनतो त्याला."

म्हातारा दुःखात बोलतोय असं वाटलं मला. अडवलं नाही, याची आजही लाज वाटते. काका त्याच दुपारी होडी घेऊन खाडीत गेले. संध्याकाळी होडी काठाला लागली, रिकामी.

वर्षभराने सिनेमा पनवेलला लागला. शॉट आला... तोच तिसरा टेक, पण चिखलात कोणीच नव्हतं. एडिटरला विचारलं, तर त्याने त्या शॉटला हातही लावला नव्हता.

बापाला पोरगा सापडला आणि दोघं घरी गेले, अशी मनाची समजूत घालतो. पण त्या शॉटमध्ये घर नाहीच आहे... ते मीच पुसलंय. मग ते दोघं गेले कुठे?