सत्काराला लावलेली कॉपी

आमच्या कोळीवाड्याने माझा सत्कार केला त्याला वर्ष होत आलं, तरी आठवलं की माझं डोकं फिरतं.

खाडीकाठच्या एका मासेमार कुटुंबावरच्या मराठी वेब सिरीजचे संवाद मी लिहिले होते. आमची बोली पडद्यावर येते ती हसवण्यापुरती. इथे नायिका त्याच बोलीत भांडणार होती, रडणार होती. लग्नानंतर मी डोंबिवलीला राहते, माझी बोली पातळ झालेली. म्हणून दर रविवारी लिहिलेली पानं घेऊन ठाण्याला आईकडे जायचे. 'आज पाणी शांत आहे,' असं एका ठिकाणी लिहिलं होतं. आई म्हणाली, "असा कोन बोलतंय गो? भांग हाय, असा लिव." भरतीचा जोर कमी असतो त्या दिवसांना आम्ही भांग म्हणतो, आणि मी ते विसरले होते. अर्धे संवाद खरं तर तिचेच आहेत.

सिरीज अ‍ॅपवर आली, पण आईकडे साधा फोन. सगळ्यांसोबतच बघेन, म्हणाली. नवरात्रात मंडळाने मोठा पडदा लावला, मला शाल-श्रीफळ दिलं, आईला पहिल्या रांगेत बसवलं आणि पहिला भाग सुरू केला. होडीत बसलेल्या नायिकेने खाडीकडे पाहिलं आणि म्हणाली, "आज पानी शांत है."

हिंदी! डब केलेली, कुठूनतरी चोरून उतरवलेली कॉपी.

मंडळाचा सेक्रेटरी माझाच चुलतभाऊ. त्याला कोपऱ्यात गाठलं. "अरे, ही काय लावलीयस? मराठी कुठाय?"

"अगं ताई, ग्रुपवर हीच आलेली. सगल्यांनी फोनवर पण हीच बघितली. जाम भारी लिवलंयस!"

"मी? यातलं एक अक्षर माझं नाहीये!"

"अ‍ॅपवर बघायची तर पैसे लागतात ना," तो म्हणाला. त्याच्या मागे डीजेचे स्पीकर छतापर्यंत रचलेले होते. त्यांच्यासाठी मात्र वर्गणी निघाली होती.

मी माईक हिसकावून घेतला आणि ओरडले, बंद करा. लोकांना वाटलं मी लाजतेय. टाळ्या पडल्या. आई शेवटपर्यंत बसून राहिली. घरी जाताना एवढंच म्हणाली, "त्यान माजा कायच नाय."

चोरांचा राग येतोच, पण ते कुठले कोण! मला संताप येतो तो माझ्याच माणसांचा. आपली बोली कुणी दाखवत नाही म्हणून आयुष्यभर गळे काढले, आणि दाखवली तेव्हा फुकटातली हिंदी बघत बसले.

मागच्या महिन्यात निर्मात्यांचा फोन आला. "मॅडम, मराठी तुमच्या भागातच कुणी बघितली नाही. बाहेर हिंदी चालली. दुसरा सीझन थेट हिंदीत करतोय, लेखकही दुसरे घेतलेत."

आईला अजून सांगितलेलं नाही. दुसऱ्या सीझनसाठी ती जुने शब्द आठवत असते आणि विसरायला नको म्हणून लगेच फोन करते. काल पाच सांगितले. मी दातओठ खात ते लिहून घेतले.