सासूबाईंची सुशी

जपानच्या सहलीत आम्ही दोघी सुशी शिकायला गेलो होतो. सासूबाईंनी सवयीने भात लाडूसारखा आवळून वळला. शिकवणाऱ्या बाईंनी तो अलगद उचलून पाहिला आणि मला इंग्रजीत म्हणाल्या, "पहिल्याच खेपेला छान जमलंय. फक्त जरा हलक्या हाताने दाबायला सांगा."

सासूबाईंना इंग्रजी येत नाही. "काय म्हणते गं ती?" त्यांनी विचारलं.

लग्नानंतरच्या पहिल्या गणपतीत त्यांनी माझा मोदक पाहुण्यांसमोर फोडून दाखवला होता आणि एक वाक्य म्हटलं होतं. अपमानाचं एक बरं असतं, तो शिळा होत नाही. वीस वर्षांनी, परक्या देशातल्या भातासमोरही तो ताजाच निघतो.

"म्हणतात, असलं कुणाच्या पानात वाढू नये," मी तेच वाक्य शब्दन् शब्द सांगितलं.

सासूबाईंनी माझ्याकडे क्षणभर पाहिलं. मग ताटली पुढे ओढली आणि केलेली सगळी सुशी मान खाली घालून एकटीने संपवली, कुणाच्या पानात जाऊ नये म्हणून.

शिकवणाऱ्या बाईंना वाटलं, सासूबाईंना फारच आवडली. त्यांनी कौतुकाने टाळ्या वाजवल्या. मीही वाजवल्या.